डोरेमॉनचा शेवटचा एपिसोड नक्की कुठला?

दर काही महिन्यांनी कुठल्यातरी ग्रुपवर तो व्हिडिओ फिरत फिरत येतोच. "डोरेमॉनचा शेवटचा एपिसोड, बघून रडू आवरणार नाही." कधी त्यात नोबिता हॉस्पिटलात कोमात असतो आणि डोरेमॉन, शिझुका, जियान सगळे त्याच्या डोक्यातले असतात, कधी डोरेमॉनची बॅटरी संपते आणि नोबिता अभ्यास करून सायंटिस्ट होतो नि स्वतःच त्याला पुन्हा चालू करतो. खाली कमेंटमधे "माझं बालपण संपलं" असं लिहिणाऱ्यांची रांग.

तर आधी उत्तर सांगून टाकतो, मग वाचायचं की नाही ते ठरवा. हे दोन्ही शेवट खोटे आहेत, म्हणजे मूळ लेखकाचे नाहीत. डोरेमॉनला अधिकृत शेवट नाहीच. पण गंमत अशी की मूळ लेखकाने स्वतःच्या हाताने शेवट काढलेले आहेत, तेही एक नाही तर तीन, आणि तिन्ही १९७१ ते १९७४ या काळातले. म्हणजे आपल्याकडे हंगामा चॅनेलवर डोरेमॉन लागायला लागला त्याच्या तीस-पस्तीस वर्षं आधी तो तीनदा संपून बसला होता. हे कसं काय, तर त्यासाठी जपानमधली मुलांची मासिकं कशी चालायची ते समजून घ्यायला लागतं, आणि ते एकदा कळलं की नोबिता वर्षानुवर्षं त्याच वर्गात का आहे, त्याला कधीच शहाणपण का येत नाही, हे सगळंच कळतं.

आपल्याकडे 'चांदोबा' नाहीतर 'किशोर' घरात आला की दुसरीतल्या पोरापासून आठवीतल्या ताईपर्यंत सगळे तोच अंक वाचायचे (आणि आजोबा पण). जपानमधे शोगाकुकान नावाची प्रकाशन कंपनी आहे, तिने याच्या उलट केलं होतं, प्रत्येक इयत्तेचं वेगळं मासिक. पहिलीचं वेगळं, दुसरीचं वेगळं, असं सहावीपर्यंत, शिवाय बालवाडीच्या वयाच्या पोरांची आणखी वेगळी. तिथलं शाळेचं वर्ष एप्रिलला सुरू होतं आणि मार्चला संपतं. म्हणजे मार्चपर्यंत तुम्ही तिसरीचं मासिक वाचणार आणि एप्रिलपासून चौथीचं घेणार. दर वर्षी प्रत्येक मासिकाचे अख्खे वाचक बदलायचे, सगळे एकदम.

आता १९६९ चं साल घ्या. फुजिको फुजिओ हे नाव तेव्हा प्रसिद्ध होतं पण तो एक माणूस नव्हता, दोन मित्र मिळून एका नावाने काम करायचे. एक हिरोशी फुजिमोतो आणि दुसरे मोतोओ आबिको. पुढे ऐंशीच्या दशकाच्या शेवटी दोघं वेगळे झाले, भांडण वगैरे न करता. डोरेमॉन फुजिमोतोंचा, निन्जा हातोडी आबिकोंचा. तर नवीन मालिका १९७० च्या जानेवारी अंकापासून सुरू करायची ठरली, पण विषयच सुचेना. आधीच्या अंकात जाहिरात तर द्यायला पाहिजे, म्हणून दिली, आणि ती जाहिरात बघण्यासारखी आहे, त्यात टेबलाच्या ड्रॉवरमधून काहीतरी बाहेर येतंय आणि पोरगा दचकलाय एवढंच काढलंय. काय बाहेर येतंय ते काढलेलंच नाही, कारण ते काढणाऱ्यालाच माहीत नव्हतं! डेडलाईन डोक्यावर, डोक्यात एका भटक्या मांजराचा विचार, आणि घाईत पाय अडकला तो मुलीच्या खेळण्यात, पाडलं तरी उभं राहणाऱ्या गोल बाहुलीत. मांजर अधिक गोल बाहुली, झाला डोरेमॉन. ही हकीकत फुजिमोतोंनी स्वतःच नंतर एका छोट्या मांगामधून, म्हणजे जपानी कॉमिकमधून, सांगितली, त्यामुळे थोडं तिखटमीठ लावलेलं असणार, पण ती कोरी जाहिरात मात्र खरीखुरी छापलेली आहे.

मालिका सुरू झाली ती एकदम सहा मासिकांत. दोन बालवाडीची आणि चार पहिली ते चौथीची. आणि सहाही ठिकाणी एकच गोष्ट नाही छापली, प्रत्येक ठिकाणी वेगळी पहिली गोष्ट काढली. अगदी लहान पोरांसाठी दोन-चार पानांत ड्रॉवरमधून निळं मांजर येतं आणि धमाल करतं, बास. चौथीच्या मुलांसाठी मात्र सगळा हिशोब मांडलाय: भविष्यातून नोबिताचा खापरपणतू सेवाशी येतो, सांगतो की तू मोठेपणी जियानच्या बहिणीशी म्हणजे जायकोशी लग्न करणार, धंदा काढणार, ती कंपनी जळणार, आणि एवढं कर्ज करून ठेवणार की आम्ही अजून फेडतोय. म्हणून तुला सुधारायला हा रोबो आणलाय. आपण टीव्हीवर जी सुरुवात बघितली ती याच चौथीच्या गोष्टीवरून आलेली.

त्यातच नोबिता एक अत्यंत हुशार प्रश्न विचारतो, नोबिता असूनही. मी जायकोऐवजी दुसऱ्या कोणाशी लग्न केलं तर तू जन्मालाच येणार नाहीस ना? सेवाशी म्हणतो, तसं काही नाही, टोकियोहून ओसाकाला ट्रेनने जा, विमानाने जा नाहीतर बोटीने, दिशा बरोबर असली की शेवटी ओसाकालाच पोचणार. टाइम ट्रॅव्हलवर मोठमोठे सिनेमे तीन तास घोळ घालतात, इथे चौथीच्या पोराला दोन चौकटींत गप्प केलंय. उत्तर पटतं का? मला तर अजून नाही पटलेलं, पण गोष्ट पुढे सरकते.

हे सहाही पहिले भाग एकत्र वाचायला जपानी लोकांना २०१९ पर्यंत थांबायला लागलं. मालिकेच्या पन्नाशीच्या निमित्ताने तेव्हा शून्य नंबरचा खंड निघाला, पुस्तकरूपाने निघालेल्या गोष्टींचा शेवटचा, ४५ वा खंड येऊन २३ वर्षं झाल्यावर.

आता शेवटांकडे येऊ. सुरुवातीला डोरेमॉन फक्त चौथीच्या मासिकापर्यंत होता, पाचवीच्या मासिकात नव्हता. म्हणजे मार्च १९७१ ला चौथी संपवणाऱ्या पोराला एप्रिलमधे डोरेमॉन भेटणारच नव्हता. न सांगता गायब कसं करणार, म्हणून चौथीच्या मार्च अंकात फुजिमोतोंनी निरोपाची गोष्ट काढली. भविष्यातले टुरिस्ट भूतकाळात येऊन फार धुडगूस घालतात म्हणून तिकडच्या सरकारने टाइम ट्रॅव्हलवरच बंदी घातली, सबब डोरेमॉनला परत जायला लागलं. त्याच महिन्यात पहिलीच्या मासिकात तोच डोरेमॉन मजेत डोरायाकी खात होता, त्याला कसलीच बंदी नाही, कारण त्या पोरांना अजून तीन वर्षं त्याची सोबत होती.

पुढच्या वर्षी, १९७२ च्या मार्चला, चौथीची नवीन बॅच निघाली आणि परत तोच प्रश्न आला. या पोरांनी आधीच्या वर्षीचा शेवट वाचलेला नव्हता, तेव्हा ती तिसरीत होती ना, त्यामुळे वेगळा शेवट काढला. यात नोबिता सगळ्यासाठी डोरेमॉनवर अवलंबून राहतो म्हणून डोरेमॉन बिघडल्याचं नाटक करतो आणि दुरुस्तीसाठी जायला पाहिजे म्हणतो. नोबिता म्हणतो, मग जा, मी करीन एकट्याने. तेव्हा डोरेमॉन खरं काय ते सांगून टाकतो, आणि जातो. शेवटी तो भविष्यातून टाइम टीव्हीवर बघत असतो आणि इकडे नोबिता पडत-झडत सायकल शिकत असतो. हे दोन शेवट नेहमीच्या ४५ खंडांत घेतलेच नाहीत, म्हणून बऱ्याच जपानी लोकांनाही कित्येक वर्षं ते माहीत नव्हते.

१९७३ मधे डोरेमॉन पाचवी-सहावीच्या मासिकांतही सुरू झाला, मग खरं तर निरोपाची गरजच उरली नव्हती. तरी १९७४ च्या मार्चला तिसरा शेवट आला, आणि तोही तिसरीच्या मासिकात. यावेळी कारण वेगळं होतं, फुजिमोतोंच्या मनात मालिकाच थांबवायचं चाललं होतं. 'सायोनारा डोरेमॉन' ही ती गोष्ट. डोरेमॉनला परत जायचंय पण नोबिताची काळजी वाटतेय. रात्री मैदानात नोबिताची गाठ पडते झोपेत चालणाऱ्या जियानशी, मारामारी होते. नेहमीचा नोबिता "डोरेमॉन, वाचव" करत पळाला असता, यावेळी पळत नाही. मार खातो, पडतो, परत उठून पाय धरतो, कारण मी एकट्याने जिंकलो नाही तर डोरेमॉन निश्चिंत होऊन जाणार नाही. शेवटी जियानच कंटाळून हरलो म्हणतो. सकाळी डोरेमॉन गेलेला असतो.

तिसरीतल्या त्या पोरांचं काय झालं असेल विचार करा. पण एप्रिलमधे तीच पोरं चौथीत गेली आणि चौथीच्या एप्रिल अंकात गोष्ट आली, 'डोरेमॉन परत आला'. एक एप्रिलचा दिवस, जियान नोबिताला सांगतो की मी डोरेमॉनला बघितलं, आणि ते एप्रिल फूल निघतं. नोबिता चिडून डोरेमॉनने ठेवलेलं औषध पितो, जे प्यायल्यावर तुम्ही बोलाल त्याच्या उलटं खरं होतं. सूड उगवून झाल्यावर घरी येऊन उदास होऊन म्हणतो, डोरेमॉन आता कधीच परत येणार नाही. झालं, आला. एका महिन्यात मेला-जिवंत करणं आपल्याकडच्या सिरियलवाल्यांनाही जमतं, पण इतकं साफ नाही जमत. पहिली गोष्ट सहाव्या खंडाच्या शेवटी आहे आणि दुसरी सातव्याच्या सुरुवातीला. माझ्या मते डोरेमॉनमधलं सगळ्यात चांगलं लिखाण ते हेच, आणि त्याला लागोपाठच वाचायला पाहिजे.

यानंतर फुजिमोतोंनी मालिका संपवायचं नाव काढलं नाही. १९७७ ला शोगाकुकानने 'कोरोकोरो कॉमिक' हे जाडजूड मासिक सुरूच केलं मुळात डोरेमॉनच्या जोरावर. २३ सप्टेंबर १९९६ ला फुजिमोतो गेले, वय ६२, तेव्हाही डोरेमॉनच्या एका मोठ्या गोष्टीचं काम चालू होतं, ती सहाय्यकांनी पूर्ण केली. एकूण तेराशेहून जास्त गोष्टी झाल्या. शेवट राहिला तो राहिलाच.

आता दुसरा प्रश्न, नोबिता सुधारत का नाही? (हा प्रश्न मुलांना नाही पडत, पालकांना पडतो.) त्याचं उत्तर अर्धं मासिकात आहे आणि अर्धं विनोदात. गोष्ट दहा-पंधरा पानांची. नोबिताची कुठेतरी फजिती होते, रडत घरी येतो, डोरेमॉनच्या खिशातून गॅजेट निघतं, पाच मिनिटं सगळं झकास चालतं, मग हाव सुटते आणि सगळं अंगाशी येतं. मेमरी ब्रेडचं घ्या, पुस्तकाच्या पानावर ब्रेड दाबला की अक्षरं त्यावर उठतात, ब्रेड खाल्ला की पाठ झालं. तर हा आधीच पोटभर जेवून आलेला, त्यावर ब्रेडवर ब्रेड कोंबतो, पोट बिघडतं, आणि संडासात सगळा अभ्यास वाहून जातो. यात नोबिता शहाणा झाला की पुढच्या महिन्याची गोष्टच बंद. आणि तसंही पुढच्या वर्षी वाचणारी पोरं नवीन असणार, त्यांना आधीचा धडा माहीतच नाही, म्हणजे नोबिताने मोठं होण्याची गरजच नव्हती. पोरं मोठी होऊन पुढच्या मासिकात जायची, नोबिता तिथेच पुढच्या बॅचची वाट बघत थांबायचा. मांगात तो साधारण चौथीत असतो, टीव्हीवर पाचवीत, आणि १९७९ पासून पाचवीतच आहे.

प्रत्येक गोष्ट झाली की पाटी कोरी. हे किती कोरी, तर एका गोष्टीत डोरेमॉन असं औषध काढतो की त्याचा एक थेंब टाकला की खाण्याची वस्तू दर पाच मिनिटांनी दुप्पट होते. चेस्टनटच्या गोड बन्सारख्या एका मिठाईवर तो थेंब पडतो, नोबिता खाऊन खाऊन थकतो, शेवटी उरलेली कचऱ्यात टाकून देतो. आता हिशोब करा. एका तासात बारा वेळा दुप्पट म्हणजे ४०९६. दोन तासांत १,६७,७७,२१६, म्हणजे पावणेदोन कोटींच्या जवळ. डोरेमॉन हादरतो आणि सगळा ढीग रॉकेटला बांधून अंतराळात पाठवून देतो. गोष्ट संपली. पण दुप्पट होणं काही थांबलेलं नाही! गणिताने बघितलं तर एका दिवसाच्या आत सगळं विश्व मिठाईने भरून जायला पाहिजे. जपानमधे लोकांनी यावर गंभीरपणे आकडेमोड केलेली आहे. आणि पुढच्या गोष्टीत नोबिता आरामात दुपारची झोप काढतोय. अशा जगात 'शेवट' कुठून येणार, जिथे कालचं आजच्याला लागूच होत नाही.

म्हणून आपल्याकडे टीव्हीवर एपिसोड कसेही उलटेसुलटे लावले तरी कोणाला फरक पडला नाही. ॲनिमेचा, म्हणजे टीव्हीवरच्या कार्टूनचा, इतिहास पटकन सांगतो. पहिली मालिका १९७३ ला निप्पॉन टीव्हीवर आली, सहा महिन्यांत बंद पडली आणि ती बनवणारी कंपनीही बुडाली. त्यात डोरेमॉनचा आवाज मधेच बदलला, आणि दुसरा आवाज होता मासाको नोझावा यांचा, ज्या पुढे ड्रॅगन बॉलमधल्या गोकूचा आवाज म्हणून जगभर गाजल्या. दुसरी मालिका २ एप्रिल १९७९ पासून टीव्ही आसाहीवर, शिन-एई ॲनिमेशनने केलेली, सुरुवातीला संध्याकाळी रोज फक्त दहा मिनिटं. एक मांगा गोष्ट म्हणजे एक एपिसोड, माप बरोबर बसलं. ती २००५ पर्यंत चालली, सतराशेहून जास्त एपिसोड, आणि मुख्य पाचही आवाज तेच. डोरेमॉनच्या नोबुयो ओयामा तर इतक्या पक्क्या बसल्या की जपानी लोकांना दुसरा आवाज सहनच होईना. २००५ च्या एप्रिलला पाचही जण एकदम बदलले, वासाबी मिझुता डोरेमॉन झाल्या, आणि जियानचा आवाज झाला सुबारू किमुरा, जो तेव्हा १४ वर्षांचा शाळकरी मुलगा होता. नवी मालिका अजून चालू आहे. आपल्याकडे जुनी आणि नवी दोन्ही दाखवली गेली, म्हणून कधी रंग फिकट आणि कधी एकदम चकचकीत असं दिसायचं, ते तुमच्या टीव्हीचं काही नव्हतं.

त्यातलं रिकामं मैदान आणि तिथले तीन सिमेंटचे पाईप आठवतात? जिथे जियान गाण्याचा कार्यक्रम करतो? ते पाईप काही सजावट नाहीत. साठ-सत्तरच्या दशकात टोकियो झपाट्याने वाढत होतं, गटारांची कामं सगळीकडे चालू होती, त्यामुळे मोकळ्या प्लॉटवर असे पाईप पडलेले असायचे आणि पोरं त्यावर खेळायची. नोबिताचं घर टोकियोच्या नेरिमा भागात धरलंय. आता तिथे असा मोकळा प्लॉट दिसणं अवघड, पण नवीन एपिसोडमधेही पाईप जिथल्या तिथे. आजचा जपानी पोरगा ते आपल्या पोरांइतकाच लांबून बघतो.

आपल्या घरांत डोरेमॉन आला तो हिंदीतून, आणि मराठी घरांतली पोरं चहा-पोहे मराठीत मागून भांडणं हिंदीत करायला लागली ती बरीचशी याच्या नि शिनचॅनच्या कृपेने. आपल्याला हे फार जाणवलं नाही, आपल्याकडे हिंदी आधीच घरात होती. बांगलादेशात मात्र २०१३ ला हिंदीत डब केलेला डोरेमॉन बंद केला, पोरं बंगाली सोडून हिंदी बोलायला लागली म्हणून. पाकिस्तानातही २०१६ ला पंजाबच्या विधानसभेत बंदीची मागणी झाली. एक मात्र चांगलं झालं, आपल्याकडे नावं जपानीच ठेवली. अमेरिकेत नोबिताचा नोबी आणि जियानचा बिग जी करून टाकला, ऐकवत नाही.

आता ते व्हायरल शेवट. कोमावाली गोष्ट जपानमधेच जुनी अफवा म्हणून फिरायची, आपल्याकडे फक्त तिचा व्हिडिओ झाला. बॅटरीवाली गोष्ट मात्र एका चाहत्याने २००५ च्या सुमाराला खरंच मांगा काढून छापली होती. त्यात बॅटरी बदलली तर डोरेमॉनची मेमरी जाणार, कारण मेमरीचा बॅकअप कानात असतो आणि कान तर उंदराने खाल्लेत. म्हणून नोबिता त्याला बंद ठेवून वर्षानुवर्षं अभ्यास करतो. चित्रं हुबेहूब फुजिमोतोंसारखी, लोकांना खरंच वाटलं की ही अधिकृत आहे, हजारो प्रती खपल्या. शेवटी शोगाकुकानने हरकत घेतली, २००७ ला त्या चाहत्याने माफी मागितली आणि कमाईतला काही भाग परत केला. गोष्ट म्हणून वाईट नाहीये हो. पण त्यात नोबिता जीनियस होतो, आणि तिथेच मला ती डोरेमॉनची वाटत नाही.

कारण मोठ्या नोबिताबद्दल फुजिमोतोंनी स्वतः लिहून ठेवलंय. नोबिता आणि शिझुकाच्या लग्नाच्या आदल्या रात्रीची एक गोष्ट आहे, टाइम मशीनने जाऊन छोटा नोबिता आणि डोरेमॉन ती बघतात. शिझुका बाबांना म्हणते मला भीती वाटते, आणि तिचे बाबा सांगतात की नोबिता दुसऱ्याच्या सुखात सुख मानतो आणि दुसऱ्याच्या दुःखात त्याला दुःख होतं, माणसाला महत्त्वाचं तेच. हुशारीचा उल्लेखच नाही. २०१४ च्या 'स्टँड बाय मी डोरेमॉन' मधे ही गोष्ट आणि १९७४ चा निरोप दोन्ही एकत्र घातलेत, पण त्यात रडवायचा सोस जरा जास्तच झालाय. मांगात ते दहा पानांत होऊन जातं, वर एखादा जोक पण असतो.

ज्यांना खरंच खोलात जायचंय त्यांच्यासाठी एक गोष्ट. २००९ पासून फुजिमोतोंचं समग्र साहित्य निघालं, त्यात डोरेमॉनचे २० खंड आहेत. ते छापल्याच्या तारखेप्रमाणे लावलेले नाहीत, वाचकांच्या जन्मसालाप्रमाणे लावलेत. अमुक साली जन्मलेल्या मुलांनी पहिलीत काय वाचलं, मग दुसरीत काय, असं ओळीने सहावीपर्यंत, मग पुढच्या सालच्या मुलांचं. म्हणजे एखाद्या जपानी आजोबांनी आपलं साल बघून खंड उचलला तर त्यात नेमका त्यांच्या बॅचचा डोरेमॉन मिळतो, आणि त्यांची बॅच १९७१ किंवा १९७२ ला चौथीतून बाहेर पडलेली असेल तर त्यांच्या वाट्याचा शेवटही.